अकरा मिनिटांचा चित्रपट

“काका, वर बघू का खालीच बघू?” विहिरीच्या तळातून काशीनं विचारलं.

पुंजा कठड्यावर पालथा पडून, कॅमेऱ्याला डोळा लावून खाली बघत होता. चौतीस वर्षं शूटिंग केलं, पण कोणी कुठं बघायचं हे सांगणारा माणूस नेहमी दुसरा असायचा.

“तू रोज कुठं बघतेस?”

“वाटीत. नायतर सांडंल ना.”

“मग वाटीतच बघ.”

वर हंड्यांच्या रांगेत बसलेल्या बायका हसल्या. येसू म्हणाली, “हेच सांगाया मुंबैवरनं डायरेक्टर आला!”

पुंजाही हसला. तो काही मुंबईचा नव्हता. जव्हारजवळच्या दाभोशाचा होता. त्रेसष्ट साली जव्हारला सरकारी शूटिंगवाले आले, त्यांचा स्टँड उचलायला म्हणून गेला आणि त्यांच्याच गाडीत बसून मुंबईला पोचला. काचा पुसता पुसता उजेड मोजायला शिकला, पुढं कॅमेरामन झाला. धरणं, लसीकरण, मंत्र्यांच्या हातातल्या कात्र्या असं सगळं त्यानं टिपलं. मोठं नाव दिग्दर्शकाचं यायचं, त्याचं बारीक अक्षरात, तेही थेटरातली माणसं उठायला लागली की. त्याची तक्रार नव्हती. फक्त एक चित्रपट आपण सांगू तसा व्हावा, एवढीच इच्छा उरली होती.

निवृत्त झाल्यावर जव्हारला येऊन राहिला तेव्हा जवळ चावीचा जुना कॅमेरा होता आणि फिल्मचे चार डबे. एका डब्यात पावणेतीन मिनिटं, म्हणजे सगळी मिळून अकरा. अकरा मिनिटांत सूर्यमाळच्या एका पाड्यावरची विहीर दाखवायची. मे महिन्यात बाई तळाशी उतरते, झऱ्याशी बसून वाटीवाटीनं हंडा भरते. बास. एक शब्दही बोलायचा नाही. त्या पाड्यावर तीन आठवडे टँकर आला नव्हता, त्यामुळं विहीर त्याला हवी तशीच होती.

पहिला डबा संपला आणि तेवढ्यात घाटातून इंजिनाचा आवाज आला.

“टँकर!” कोणीतरी म्हणालं, आणि काशी हंडा तिथंच टाकून सरसर वर आली. बघता बघता विहिरीत पाणी धबाबा पडू लागलं. झरा गेला, वाटी गेली. बायका पदर खोचून धावल्या. चित्रपट बुडाला आणि पाडा सुखावला.

चूक पुंजाचीच होती. चौतीस वर्षांच्या नोकरीत परवानगीशिवाय त्यानं कधी कॅमेरा उघडला नव्हता. त्याच सवयीनं त्यानं तालुक्याला अर्ज दिला होता, विषय: पाणीटंचाईचे चित्रीकरण. अर्ज वाचून कोणीतरी जागं झालं होतं.

दुसऱ्या दिवशीही तेच. कॅमेरा स्टँडवर चढला की तासाभरात टँकर हजर. तिसऱ्या दिवशी पुंजा गेलाच नाही. चार दिवस घरी बसू, विहीर आटेल, मग गुपचूप जाऊन काम उरकू असं त्यानं ठरवलं. हा विचार आपल्याला शोभतो का, हे त्यानं स्वतःला विचारलं नाही.

पाचव्या दिवशी सकाळी काशी आणि येसू जीपनं जव्हारला आल्या. दारातच बसल्या.

“काका, तू आला नाय, तं टँकर बी आला नाय.”

“विहीर आटली?”

“तळ दिसतो. वाटी बी बुडत नाय आता.”

पुंजाच्या मनात आधी काय आलं ते त्यालाच लाजवणारं होतं. तो लगेच डबे घेऊन निघाला. पाड्यावर पोचला तेव्हा ऊन विहिरीच्या अर्ध्या भिंतीवर होतं, असं ऊन वर्षात चार दिवस मिळतं. काशी खाली उतरू लागली. फक्त दोन दिवस कॅमेरा झाडामागं ठेवला असता तर कोणाला पत्ता लागला नसता.

“काका,” येसू हळूच म्हणाली, “तो स्टँड सडकंवर लाव ना. जाताना-येताना दिसंल असा. पोरं कालधरनं तोंड पन धुवत नाय.”

पुंजानं विहिरीकडं एकदा बघून घेतलं. मग स्टँड उचलून सडकेवर नेला आणि रिकामा कॅमेरा त्यावर चढवला. दुपारपर्यंत टँकर आला.

पुढं ते रोजचंच झालं. सकाळी तो जीपनं यायचा, सडकेवर उभा राहायचा, चावी द्यायचा, बटण दाबायचा. आत फिल्म नव्हती हे बायकांना ठाऊक होतं. त्या त्याला चहा आणून द्यायच्या आणि ड्रायव्हरसमोर उगाच पदर सारखा करायच्या.

नवव्या दिवशी टँकरबरोबर तालुक्याच्या ऑफिसातला हरेश आला. साखरशेतच्या शेतकऱ्याचा मुलगा, नव्यानं नोकरीला लागलेला.

“काका, साहेबांना फिल्म बघायचीय. मुंबईला पाठवणार आहेत. टँकर नीट आला पाहिजे हं.”

“माझा विषय टँकर नाही.”

हरेश ओशाळला. “मला कळतं, काका. पण फिल्म नाही मिळाली तर उद्यापासून गाडी दुसरीकडं लावतो म्हणालेत. माझ्या हातात काय आहे?”

पुंजानं पिशवीतून डबा काढला. उजेड लागू नये म्हणून काळ्या पिशवीत हात घालून फिल्म भरली.

“गाडी खाली नेऊन परत आणतो, आधी चढावरून येताना घ्या,” हरेश सांगू लागला. “नंबर दिसू दे. आता पाइप. आता बायका. ओ बाई, जरा हसा.”

“हो,” पुंजा प्रत्येक वेळी म्हणाला. आवाज तोच, चौतीस वर्षांचा.

तिन्ही डबे तासाभरात संपले. हरेश खूष होऊन सावलीत जाऊन बसला. ड्रायव्हर एरवी अर्धीच टाकी सोडून निघून जायचा. उरलेलं पाणी कुठं जातं, ते कोणी विचारत नसे. आज शूटिंग चालू आहे म्हटल्यावर तो पाइप बंद करीना, उलट केस सारखे करून पाइपाशी ताठ उभा राहिला.

पुंजानं चावी दिली आणि पुन्हा बटण दाबलं. कॅमेरा रिकामा फिरत राहिला. उन्हानं त्याचा डोळा झोंबत होता, मनगट भरून आलं होतं. चावी उतरली की तो परत द्यायचा. टाकीतलं शेवटचं पाणी विहिरीत पडेपर्यंत त्यानं डोळा काढला नाही.