ऐंशी सेकंदांचं मिनिट

बाबांनी बोट उचललं, नेम धरला, आणि ते हिरव्या ठिपक्यावर टेकवेपर्यंत ठिपका नाहीसा झाला होता. बोट रिकाम्या काचेवर आपटलं. पुढचा ठिपका वरच्या कोपऱ्यात उगवला, तोही हुकला. मग मिनिट संपलं आणि पडद्यावर आकडा आला: एक्केचाळीस.

"घे हा तुझा फोन," त्यांनी तो लेकीकडे सरकवला. "परवा एक्केचाळीस, काल एक्केचाळीस, आज एक्केचाळीस. बंद पडलेल्या घड्याळात तरी दिवसातून दोनदा बरोबर वाजतात."

"उद्या वाढतील, बाबा."

"हे तू कालपण म्हणालीस."

दुकान एकच होतं, टेबलं दोन. दारातून आत आल्यावर डावीकडे बाबांचं घड्याळदुरुस्तीचं टेबल आणि उजवीकडे लेकीचं मोबाइलदुरुस्तीचं. लेकीला घरात सगळे गुंडी म्हणत. तिशी उलटली, हाताखाली स्वतःची गिऱ्हाइकं आली, तरी ती गुंडीच राहिली. चार महिन्यांपूर्वी एका सकाळी बाबांच्या उजव्या अंगावरून वारं गेलं. आठवड्याभरात बोलणं परत आलं, महिन्याभरात पाय परत आला. हात मात्र सावकाशीने, मनात येईल तसा येत होता. तेव्हापासून डाव्या टेबलावर चादर घातलेली होती, आणि भिंतीवरच्या घड्याळांना किल्ली द्यायचं कामही गुंडीकडे आलं होतं.

हा ठिपक्यांचा खेळ फिजिओबाईंनी सुचवलेला. बोटांना नेम यावा, घाई यावी, म्हणून. बाई तशा गोड बोलायच्या, पण अट घालताना त्यांनी अजिबात साखर घातली नव्हती. मिनिटात शंभर ठिपके टिपल्याशिवाय चिमटा हातात घ्यायचा नाही. बाबांनी त्यावर स्वतःची आणखी एक अट चढवली. दीड महिना बघायचं. शंभर झाले तर ठीक, नाहीतर हत्यारं कुणा शिकणाऱ्याला देऊन टाकायची आणि टेबल उचलायचं. चादरीखालचं टेबल रोज समोर बघवत नाही, असं ते म्हणाले. म्हणताना ते भिंतीकडे बघत होते, त्यामुळे हे खरंच आहे हे गुंडीला कळलं. बाबांनी एकदा तारीख दिली की ती बदलत नसे. गिऱ्हाइकांच्या बाबतीत तरी चाळीस वर्षांत बदललेली नव्हती.

म्हणून त्या दुपारी ते जेवून आडवे झाल्यावर गुंडी कामाला लागली.

खेळ चालू असला की त्यातला प्रत्येक आकडा फोनच्या मेमरीत कुठे ना कुठे लिहिलेला असतो. तो हुडकून बदलता येईल असं एक सॉफ्टवेअर तिच्याकडे होतं. तिची कॉलेजातली गिऱ्हाइकं त्याच्या जोरावर खेळातली नाणी फुगवायची आणि मग फोन बिघडला की तोंड पाडून तिच्याकडे यायची. तिने त्यांना कित्येकदा फैलावर घेतलं होतं. आता तिनेच ते बाबांच्या खेळाच्या फोनवर चढवलं. खेळ सुरू करून एक्केचाळीस ठिपके टिपले आणि तो आकडा शोधला, तर तीन लाख जागी सापडला. मग आणखी एक टिपला आणि सॉफ्टवेअरला विचारलं, यातले बेचाळीस कितीजण झाले? अकराशे. आणखी एक टिपला, उरले सात. शेवटी एकच जागा उरली. तिथे तिने त्र्याण्णव लिहिलं, आणि पडद्यावर आज्ञाधारकपणे त्र्याण्णव आलं.

गुंडी त्या आकड्याकडे बघत बसली. मग तिने तो पुसून टाकला. बाबा ठिपके टिपताना ओठांतल्या ओठांत मोजायचे. एक्केचाळीस मोजून त्र्याण्णव दिसले असते तर त्यांनी फोन नव्हे, लेकच दुरुस्तीला टाकली असती.

त्याच सॉफ्टवेअरमध्ये खेळाचा वेग कमी-जास्त करायची सोय होती. तिने वेग पंचाहत्तर टक्क्यांवर आणला. आता ठिपके जरा जास्त वेळ थांबणार होते आणि पडद्यावरचं मिनिट साठच सेकंद मोजून दाखवणार होतं, फक्त प्रत्येक सेकंद थोडा ऐसपैस. खेळातली टिकटिक ऐकू येऊ नये म्हणून तिने आवाजही बंद केला. आपण फार हुशारीचं काम केलं असं तिला वाटलं.

दुसऱ्या दिवशी बाबांचे पंचावन्न झाले.

त्यांनी मान वर केली. भिंतीकडे बघितलं, फोनकडे बघितलं, मग तिच्याकडे. गुंडीने जोरात टाळ्या वाजवल्या.

"बघा! सांगत नव्हते मी?"

"थांब. परत."

परत छप्पन्न झाले. बाबा "हं" म्हणाले. बराच वेळ ते फोन डाव्या हातात धरून उलटसुलट करत राहिले, नवं गिऱ्हाईक एखादं अनोळखी घड्याळ देऊन जातं तेव्हा करायचे तसं.

"हा फोन माझ्याकडेच राहू दे," ते म्हणाले. "घरीपण सराव करीन."

गुंडीला केवढा आनंद झाला.

पण पुढचे दिवस काही तिच्या हिशेबाने गेले नाहीत. छप्पन्नवरून आकड्याने उड्या मारायला हव्या होत्या, तर तो त्रेपन्नवर घसरला, सत्तावन्नला पोचला, पुन्हा पंचावन्नवर आला. दहा दिवसांनी कुठे साठी गाठली. वेग आणखी थोडा कमी करावा असं तिच्या मनात यायचं, पण फोन बाबांच्या खिशातून बाहेर निघत नव्हता. आणि गंमत म्हणजे बाबा मजेत होते. सकाळी लवकर उठून खिडकीपाशी खेळत बसायचे. शर्टाची बटणं स्वतः लावू लागले. एकदा वरखाली लावली आणि तशीच दिवसभर मिरवली.

"हरणारा माणूस इतका खूश मी पहिल्यांदा बघतेय," आई म्हणाली. "लग्नानंतर तुम्ही माझ्याशी पत्त्यांत हरायचात तेव्हा दोन दिवस तोंड पाडून बसायचात."

"तेव्हा तू पत्ते लपवायचीस."

"लपवायचे नाही, पायाखाली ठेवायचे."

बाबा खो खो हसले. ते हसत असताना गुंडीने ताटात मान घातली. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय.

महिना उलटला तसा हात खरोखर धावू लागला. सत्तर, शहात्तर, ऐंशी. अडतिसाव्या दिवशी भर दुपारी दुकानात दोन गिऱ्हाइकं उभी असताना बाबांनी फोन टेबलावर ठेवला आणि अगदी साध्या आवाजात सांगितलं,

"गुंडे, एकशे एक."

गिऱ्हाइकांनीसुद्धा टाळ्या वाजवल्या. बाबांनी लगेच फिजिओबाईंना फोन लावला. बाईंनी आधी तीनदा "खरंच?" विचारलं आणि मग म्हणाल्या, "मग काय, काढा चिमटा!"

"उद्या नर्सबाईंचं घड्याळ घेतो," बाबांनी फोन ठेवता ठेवता जाहीर केलं.

निवृत्त नर्सबाईंचं ते घड्याळ पदराला किंवा कोटाला टाचायचं, उलटं लटकणारं, चाळीस वर्षं लोकांच्या नाडीचे ठोके मोजलेलं. आत केसाहून बारीक स्प्रिंग होती आणि ती आता कुठे बनत नव्हती. बाई पाच महिने दर पंधरा दिवसांनी दुकानात डोकावत. दुसरीकडे द्या म्हटलं तर म्हणत, "नको गं. त्यांचा हात बरा झाला की देतील. मला कुठं आता कुणाची नाडी बघायचीय?"

हिशेब सोपा होता. मंद केलेल्या खेळातले एकशे एक म्हणजे खरे पंचाहत्तर. पंचाहत्तरच्या हाताने बाबा त्या स्प्रिंगला चिमटा लावणार, स्प्रिंग एकदा वाकडी झाली की झाली, आणि मग ते नर्सबाईंना काय सांगणार होते? त्यानंतर चादर पुन्हा टेबलावर आली असती आणि कायमची राहिली असती. तेही लेकीच्या लाडापायी.

सकाळी ती दुकान उघडायला नेहमीपेक्षा अर्धा तास आधी गेली. बाबा तिच्याही आधी येऊन बसले होते. चादर घडी करून खुर्चीच्या पाठीवर टाकलेली होती. त्यांनी हत्यारं लांबीप्रमाणे लावली होती, भिंग पुसून ठेवलं होतं, आणि नर्सबाईंचं घड्याळ मधोमध पांढऱ्या कागदावर होतं. झाकण अजून उघडलेलं नव्हतं.

"बाबा, ते उघडू नका."

"का गं?"

"आधी माझं ऐका." तिने स्टूल ओढलं, पण बसली नाही. "तुमचे एकशे एक खरे नाहीत. मी त्या खेळात गडबड केलीय. त्याचा वेग कमी केलाय, पहिल्याच आठवड्यात. तुम्ही टेबल काढायचं म्हणालात आणि मला दुसरं काही सुचलं नाही. चुकलं माझं."

सगळं एका दमात सांगून झाल्यावर तिला रडू येईल असं वाटलं होतं. आलं नाही. नुसतं मोकळं वाटलं, आणि त्याचीही लाज वाटली.

बाबा भिंग कागदावर उगाच इकडून तिकडे सरकवत होते.

"किती कमी केला होतास?"

"पंचाहत्तर टक्क्यांवर आणला."

"म्हणजे ऐंशी सेकंदांचं मिनिट," ते म्हणाले. "बरोबर. मला एकोणऐंशी वाटले होते. एक सेकंदाने चुकलो."

गुंडी स्टुलावर बसली.

"तुम्हाला माहीत होतं?"

"अगं, चाळीस वर्षं मी सेकंद खातोय आणि सेकंद पितोय. त्यात समोर ही भिंतभर घड्याळं. त्यांच्यापुढे बसवून मला लांबडं मिनिट विकायला निघालीस?" ते हसू दाबत होते, पण ते डाव्या गालातून निसटत होतं. "आवाज बंद केलास तेव्हाच म्हटलं, पोरीने काहीतरी लपवलंय. आणि ते सॉफ्टवेअरचं गोल चित्र पडद्याच्या कोपऱ्यात तसंच ठेवलंस. चुकून अंगठा पडला त्याच्यावर. आत पंचाहत्तर, शेजारी अधिक आणि उणे. ते कळायला मोबाइलची विद्या कशाला हवी?"

"मग मला बोलला का नाहीत?"

"पहिल्या दिवशी फार राग आला होता. फोन भिरकावणारच होतो." बाबांनी भिंग खाली ठेवलं. "वारं गेल्यापासून मला वाटायचं, हाताबरोबर सगळंच गेलं. ही घड्याळं टिकटिकायची आणि मला नुसता गलका ऐकू यायचा. कुठलं पुढे, कुठलं मागे, काही म्हणजे काही कळेना. तुम्हा दोघींना सांगितलं नाही मी हे. आणि तुझ्या त्या खेळात तिसऱ्या सेकंदाला माझ्या डोक्यात वाजलं, हे घड्याळ मागे पडतंय. म्हणजे आतलं चालू होतं, गुंडे. त्या रात्री मी चार महिन्यांनी नीट झोपलो."

गुंडीला आता रडू आलं. तिने ते बाहीने पुसलं, आणि मग तिच्या लक्षात आलं की मुद्दा तसाच राहिलाय.

"पण एकशे एक..."

बाबांनी खिशातून फोन काढला आणि उजव्या हाताने तिच्यापुढे धरला. हात किंचित हलत होता. तिने कोपऱ्यातलं गोल चित्र दाबलं. वेग होता एकशे दोन टक्के.

"मागे पडणारं घड्याळ एकदम नसतं ढकलायचं," ते म्हणाले. "रोज एक टक्का. पंचवीस दिवसांत वेळेवर आलं. दोन टक्के वर मुद्दाम ठेवलेत, दुरुस्त केलेलं घड्याळ जरा पुढेच बरं."

म्हणजे तो आकडा रेंगाळत होता ते याच्यामुळे. जेवढा हात सुधारायचा तेवढं बाबा मिनिट आवळायचे, आणि ती रोज समोर बसून खोट्याला म्हणून टाळ्या वाजवत होती. गुंडी हसायला लागली. बाबाही हसले, आणि हसता हसता त्यांनी भिंग डोळ्याला लावलं.

ती आपल्या टेबलाशी गेली. तिथे एक फुटका पडदा कालपासून तिची वाट बघत होता. तिने काच सोडवायचा हीटर चालू केला, पण नजर डावीकडेच होती. बाबांनी झाकण उघडलं, चिमटा उचलला. पहिला स्क्रू निघाला, वर आला आणि टेबलाच्या कडेवरून टप्पकन खाली पडला.

गुंडी अर्धी उठली होती. तिने टेबलाची कड घट्ट धरली आणि परत बसली. बाबा वाकले, शोधत राहिले, बराच वेळ शोधत राहिले, मग स्वतःच तो घेऊन वर आले आणि त्यांनी चिमटा पुन्हा धरला.

दुसऱ्यांदा स्क्रू पडला तेव्हा त्यांनी त्याला मोठ्याने एक शिवी हासडली, आणि गुंडीने वर पाहिलंसुद्धा नाही.