नंदीचा घास

मित्रांनो, दांडी फिरवून चालवायचा मी सिनेमाचा जुना कॅमेरा. जन्म जर्मनीतला, पण आयुष्य गेलं ते बारामती-इंदापूरच्या माळांवर. मुंबईच्या एका कंपनीत मी राजाराण्या टिपत होतो. तिथून मोहनरावांनी मला विकत घेतलं आणि माझा थाटमाट संपला. या गृहस्थांना राजाराण्यांचं कौतुकच नव्हतं. सुप्याचा पोतराज, इंदापूरला आलेले डोंबारी, गावोगाव फिरणारे बहुरूपी यांचं जगणं जसंच्या तसं टिपायचं, हे त्यांचं वेड. पुण्यातले मित्र त्यांची टर उडवत. मलाही आधी कमीपणाच वाटे. पुढे मात्र ती माणसं मला आवडू लागली.

१९३६च्या उन्हाळ्यात अंथुर्ण्याच्या माळावर नंदीवाल्यांची पालं पडली होती. त्यांतल्या म्हस्कूचा नंदी थकला होता. गुबगुबी वाजली की मान डोलवायचा, पण पाय लटपटायचे. म्हस्कूच्या बायकोने, सारजाने, त्याला वासरू असल्यापासून वाढवलं होतं. तिला मूलबाळ नव्हतं. नंदीला घास भरवल्याशिवाय ती जेवत नसे. तो गेल्यावरही कधीतरी डोळ्यांनी बघता यावा, एवढंच तिचं मोहनरावांकडे मागणं होतं. त्यांनी झूल घातलेल्या नंदीचा खेळ टिपला, आणि म्हणाले, "आता हा कुठं जात नाही, सारजाबाई. या पेटीतच राहील."

दुसऱ्या दिवशी पहाटे नंदी गेला. त्याला पुरायला मोहनरावही पुरुषांबरोबर गेले. मी पालाच्या दाराशी होतो. सारजा भाकरी आणि गूळ घेऊन आली. माझी कडी कशी निघते ते तिने पाहिलं होतं. तिने झाकण उघडलं, आणि भर दुपारचं ऊन माझ्या पोटातल्या फिल्मवर पडलं. मला ओरडता आलं असतं तर मी ओरडलो असतो.

"सकाळधरनं उपाशी हाय त्यो," मोहनराव परतले तेव्हा ती म्हणाली. "दिसला न्हाय, पर घास ठिवलाय."

मोहनरावांना राग आला होता, पण त्यांना आपलेच शब्द आठवले. माझ्यातले भाकरीचे तुकडे त्यांनी रुमालात गोळा केले. फिल्म मुंबईला धुवायला पाठवली. तिच्यावर काहीही उमटलं नाही.

थंडीत निमगाव केतकीच्या बाजारात सारजा भेटली. नंदी कधी दाखवता, म्हणून तिने विचारलं. खरं सांगितलं असतं, तर आपल्याच हातांनी तो घालवला असं तिला जन्मभर वाटलं असतं. "फिल्म माझ्या हातून बिघडली," असं मोहनरावांनी सांगितलं.

मित्रांनो, आता मी कपाटात धूळ खात पडलो आहे. मला पुसलं नाहीत तरी चालेल. पण कुणाचं चित्र घ्याल, तेव्हा त्याच्या माणसांशी जपून बोला. त्या बाजारात जाता जाता सारजाने एवढंच विचारलं, "घास तरी पोचला का त्याला?"

मोहनराव म्हणाले, "पोचला."