चार हजार चितेंज्यांवरचा पत्ता

मी पत्ता बोलतोय. घराचा नव्हे, इंटरनेटवरच्या एका पानाचा. तुम्ही दिवसभरात माझ्यासारखे शंभर पत्ते बोटाखालून घालवता आणि त्यातला एकही तुमच्या लक्षात राहत नाही. मला मात्र झोंबाच्या दरीतल्या बायका कमरेला गुंडाळून मिरवतात. आहे का असा मान दुसऱ्या कुणाला?

माझी अंगकाठी साधी. सुरुवातीला बोलणं कसं करायचं ते लिहिलेलं, म्हणजे कुलूपबंद, तिसऱ्याला ऐकू न जाणारं. मग दरीतले दवाखाने चालवणाऱ्या संस्थेचं नाव, आणि शेवटी तिरकी रेघ ओढून 'न्जोका'. इकडे सापाला न्जोका म्हणतात. तुम्ही मला फोनमध्ये लिहिलंत की फोन आधी नावं सांभाळणाऱ्या यंत्रांना विचारतो, "या नावाचा आकडा काय?" आकडा मिळाला की त्या दारात जाऊन म्हणतो, "न्जोकाची खोली दाखवा." खोलीत जे असेल ते घेऊन परत. पापणी लवायच्या आत एवढं सगळं होतं.

खोलीतलं सामान रोज बदलतं. दरीतल्या तेरा दवाखान्यांपैकी कुठे सर्पदंशाची इंजेक्शनं शिल्लक आहेत आणि कुठे संपली, हे सिस्टर फालेसी न्खोमा रोज सकाळी तिथे मांडून ठेवतात. मी मात्र तोच राहतो. सामान बदलावं पण पत्ता बदलू नये, यातच माझी सगळी अब्रू आहे.

मला जन्म दिला तोही याच सिस्टरनी. लोक चावलेल्या पोराला घेऊन जवळच्या दवाखान्यात धावायचे आणि तिथलं कपाट रिकामं निघायचं. हे बघून त्या पार वैतागल्या होत्या. तीन वर्षांपूर्वी मातृदिनासाठी चितेंजी छापायची ठरली. चितेंजं म्हणजे बायका नेसतात, पोर पाठीला बांधतात ते कापड. छापणाऱ्याने विचारलं, "काठावर काय घालू, सिस्टर? 'आई थोर आहे'?"

"ते सगळ्यांना माहीत आहे रे बाबा. हा पत्ता घाल. आणि अक्षरं जरा ठसठशीत काढ, मुंग्या नकोत."

चार हजार कापडांवर मी उमटलो. चर्चमध्ये गेलो, बाजारात सुकी मासळी निवडली, पाठीवरच्या पोरांना झोपवलं. एका हौशी बाईने माझा झगा शिवून घेतला, तर माझं धड तिच्या छातीवर आणि न्जोका नेमका बसायच्या जागी. ती बसली की मी अर्धाच उरायचो. पण तक्रार नाही माझी.

मग ब्लँटायरहून लाइटन म्बेवे आला. संस्थेची वेबसाइट नव्याने करायला घेतलेला, हुशार आणि नीटनेटका माणूस. त्याने सगळ्या खोल्यांची फेरमांडणी केली. माझी खोली 'सेवा', त्यात 'आणीबाणी', त्यात 'दंश' अशी आत नेली आणि माझं जुनं दार चक्क लिंपून टाकलं. विचारलं असतं तर म्हणाला असता, "पत्ता टाइप कोण करतं हल्ली? लोक पहिल्या पानावरून आत येतात." इकडे प्रत्येक कापडावर काही ना काही छापलेलं असतं. पक्षाचं, चर्चचं, कुणाच्या तरी लग्नाचं. त्यामुळे कापड कुणी वाचत नाही. लाइटननेही मला रोज वीस पाठींवर बघितलं होतं, वाचलं एकदाही नाही.

नव्या साइटचा समारंभ भर दुपारी, संस्थेच्या अंगणात. मक्याच्या पिठाची न्सिमा, चांबो मासा, भाषणं. लाइटनने पांढऱ्या चादरीवर प्रोजेक्टरने साइटला भेट देणाऱ्यांची यादी पाडली होती. कुणी आलं की एक नवी ओळ. लोक टाळ्या वाजवत होते.

त्याच वेळी वीस किलोमीटरवर एनेलेसीच्या सात वर्षांच्या मुलीला, तादालाला, भुईमुगाच्या शेतात साप चावला. मोटारसायकलवर भाडं मारणारा सिक्वेसे हाकेसरशी आला.

"नामिताच्या दवाखान्यात ने दादा, जवळ आहे!"

"थांब माई. तिथे औषध नसलं तर? मागे वळ. तुझ्या काठावर पत्ता आहे ना?"

"अरे पोर सुजतंय आणि तू कापड काय वाचतोस!"

"हलू नको गं. ही रेघ तिरकीच आहे ना?"

त्याने मला अचूक लिहिलं. उत्तर आलं, असं पान इथे नाही. पुन्हा लिहिलं. पुन्हा तेच. तिसऱ्यांदाही तेच. मी तिच्या कमरेवर होतो, त्याच्या फोनमध्ये होतो, आणि लिंपलेल्या दारावर डोकं आपटत होतो. आयुष्यात एवढी लाज मला कधी वाटली नव्हती.

पण चादरीवर तीन लाल ओळी उमटल्या होत्या. सिस्टरांचा घास हातातच राहिला. "लाइटन, हे लाल काय?"

"कुणीतरी जुना पत्ता टाकतंय. सोमवारी बघतो, सिस्टर."

"दोन मिनिटांत तीनदा? गंमत म्हणून कुणी न्जोका तीनदा लिहीत नाही. कुणाला तरी चावलंय!" त्यांनी त्याच्या हातातलं ताट काढून घेतलं. "ऊठ. आत्ता."

लाइटनचा चेहरा उतरला. त्याने खरकट्या बोटांनीच एक ओळ लिहिली. न्जोका विचारणाऱ्याला नव्या खोलीत पाठव.

इकडे तिघं नामिताच्या वाटेने निघाली होती. फाट्यावर सिक्वेसेने गाडी थांबवून शेवटचं म्हणून बोट टेकवलं. मी उघडलो. नामिता: संपली. चिकुवे: सहा शिल्लक. त्याने गाडी उलट दिशेला वळवली, आणि संध्याकाळी तादालाने पाणी मागितलं.

दुसऱ्या आठवड्यात लाइटनने चाचरत विचारलं, "सिस्टर, ती ओळ किती दिवस ठेवू?"

"शेवटचं चितेंजं फाटेपर्यंत."

"आणि फाटल्यावर?"

"फाटल्यावर त्याची दुपटी होतात, मग भांडी पुसायची फडकी. बायका फडकंही वाचतात, लाइटन."

हल्ली तो बाजारात बायकांच्या पाठी वाचत हिंडतो. दोनदा शिव्या खाऊन झाल्यात त्याच्या.

आता माझ्याकडे स्वतःची खोली नाही. आलेल्याला मी फक्त पुढची वाट दाखवतो, आणि त्यात मला तिळमात्र कमीपणा वाटत नाही. तुम्हाला एवढंच सांगणं आहे. आपल्या खोल्या खुशाल हलवा, पण जुनं दार लिंपू नका. मला कुठे कुठे लिहून ठेवलंय, हे तुम्हाला कधीच पुरतं कळणार नाही.

परवा एनेलेसी माझं चितेंजं धुवायला नदीवर निघाली आणि घरात पत्त्याचं दुसरं कापड नाही म्हणून दारात घुटमळली. तादाला म्हणाली, "जा गं आई, खुशाल धू. मला तोंडपाठ आहे तो पत्ता." आणि तिने मला म्हणून दाखवलं, तिरक्या रेघेसकट.