दार उघडणाऱ्या म्हाताऱ्याची रांगोळी

मेधाच्या नाटकातला मांत्रिक मूळचा हैतीचा नव्हताच. तो साताऱ्याकडचा होता. त्याला हैतीला धाडलं निशिकांतने.

साल २०१४. सिंगापूरच्या यिशुनमधल्या मराठी कुटुंबांनी एक छोटंसं मित्रमंडळ काढलं होतं. गणपतीत दोन्ही वेळा आरती, संध्याकाळी मुलांचे कार्यक्रम. मुलांचं नाटक दरवर्षी मेधा लिहायची आणि बसवायची. ती पाया लेबारला एका जहाज-विम्याच्या कंपनीत कामाला होती आणि भांडखोर म्हणून मंडळात प्रसिद्ध होती. महाराष्ट्रात नुकताच जादूटोण्याविरुद्ध कायदा झाला होता. म्हणून तिने यंदा गावाला लुबाडणाऱ्या भगतावर नाटक लिहिलं. लिंबू, बिब्बा, टाचण्या टोचलेली काळी बाहुली, सगळा सरंजाम.

निशिकांत मंडळाचा सेक्रेटरी. ऑफिसात प्रोजेक्ट मॅनेजर आणि घरीही तोच. मीटिंगला पोह्यांची बशी हातात घेऊन म्हणाला, "मेधाताई, नाटक फक्कड झालंय. फक्त भगत काढा."

"नाटक भगतावरच आहे."

"हो, पण बाप्पासमोर आपल्याच धर्माची टिंगल? खालचे चायनीज शेजारी येतात बघायला. काय वाटेल त्यांना?"

"खरं वाटेल."

"तसं नव्हे हो. मांत्रिक ठेवा, पण बाहेरचा ठेवा. ते व्हूडू का काय असतं ना, बाहुलीत सुया टोचतात. पोरांना गेममुळे माहीत असतं."

निशिकांतचा मुलगा सौमित्र मांत्रिकाचं काम करणार होता. तो मोबाइलमधून मान वर न काढता म्हणाला, "व्हूडू डॅम शिओक, लाह."

"बघा, पोरगं खूश. आणि वाईट कुणाला वाटणार? हैतीचा माणूस यिशुनला येतोय कशाला?"

नाटक व्हायला हवं होतं, म्हणून मेधा हो म्हणाली. लिहिणारी माणसं अशीच विकली जातात, पोहे खाता खाता. भगताचा व्हूडू बाबा झाला, वडाच्या पाराची कवट्या टांगलेली झोपडी झाली. बाहुली तेवढी जागच्या जागी राहिली.

आता ज्या गोष्टीवर लिहिलंय तिच्याबद्दल आपल्याला ओ की ठो माहीत नाही, हे मेधाला कळत होतं. तिने नेटवर शोधाशोध केली. सुया, सांगाडे, उठून चालणारी प्रेतं. एका पानावर मात्र जमिनीवर पिठाने काढलेली नक्षी दिसली, आणि ती बघतच बसली. खाली लिहिलं होतं, हैतीत प्रत्येक देवतेची अशी वेगळी आकृती असते, पूजेच्या वेळी पुजारी चिमटीतून मक्याचं पीठ सोडत ती काढतो. चिमटीतून. मेधाची रांगोळी सगळ्या ब्लॉकमध्ये नावाजलेली. तिचा अंगठा आपोआप तर्जनीवर फिरायला लागला.

दुसऱ्या दिवशी हॉकर सेंटरमध्ये जेवताना तिने विषय काढला. समोर विल्नेर होता, तिच्याच ऑफिसात क्लेम्सचं काम बघणारा. कॅनडातून बदली होऊन आलेला, म्हणून सगळे त्याला कॅनडियन म्हणायचे.

"तू फ्रेंच वाचतोस ना? व्हूडूवर काही धड वाचायला मिळेल का?"

विल्नेरने चमचा खाली ठेवला. "का?"

"सहज. मुलांसाठी काहीतरी लिहितेय. त्या सुया टोचलेल्या बाहुल्या..."

"सुया माझ्या आईकडे पुष्कळ आहेत," तो म्हणाला. "ती कपडे शिवते."

मेधाला काही कळेना. मग त्याने सांगितलं. जन्म हैतीतला, जाकमेल गावचा. दहा वर्षांचा असताना कॅनडाला गेला. आणि त्याची आई कपडे शिवून उरलेल्या वेळात मांबो आहे. म्हणजे व्हूडूची पुजारीण.

"बाई पुजारी असते तुमच्यात?"

"तुमच्यात नसते?"

"पुण्यात असतात थोड्या," मेधा म्हणाली, आणि तिचं तिलाच हसू आलं.

गणपतीत मुलांचं नाटक आहे एवढंच तिने त्याला सांगितलं, नाटकाचं नाव सांगितलं नाही. तेव्हाच सांगायला हवं होतं. पण विचारायला इतकं होतं, की सांगायचं ते पुढे ढकलत गेली. रोज जेवताना ती विचारायची आणि तो सांगायचा. व्हूडू म्हणजे आत्मा, देवता. शब्द आफ्रिकेतल्या दाहोमेकडचा, आजच्या बेनिनचा. तिथली आणि काँगोकडची माणसं फ्रेंचांनी साखळ्या घालून उसाच्या मळ्यात राबायला नेली. त्यांच्या देवांवर बंदी, वर बाप्तिस्मा सक्तीचा. मग त्यांनी भिंतीवर ख्रिस्ती संतांच्या तसबिरी लावल्या आणि त्यांच्यातच आपल्या देवता बघायला सुरुवात केली. सगळ्यांच्या वर एकच देव, बोंद्ये. पण तो लांब असतो, त्याला कुणाच्या दुखण्याखुपण्याकडे बघायला सवड नाही. त्याच्या आणि माणसांच्या मध्ये लवा, म्हणजे या देवता. ते पूजेत माणसाच्या अंगात येतात.

"मग ज्याच्या अंगात येतं त्याला काय म्हणता?" मेधाने विचारलं.

"घोडा. लवा त्याच्यावर स्वार होतो."

"आमच्याकडे झाड म्हणतात."

"झाड का?"

आयुष्यभर मेधाने तो शब्द ऐकला होता, का म्हणून कधी विचारलंच नव्हतं. "वाऱ्याने हलतं म्हणून असेल," ती म्हणाली. विल्नेरला ते फार आवडलं. तो बराच वेळ मान हलवत राहिला.

एकदा तिने झाँबीबद्दल विचारलं, ते चालणारं प्रेत. विल्नेर हसला नाही. "तो राक्षस नाही. मळ्यात राबणाऱ्याला एकच आशा असायची, मेल्यावर तरी सुटू. झाँबी म्हणजे मेल्यावरही न सुटलेला. त्याला उठवून पुन्हा कामाला जुंपलेलं. आम्ही त्याला भीत नाही, मेधा. आम्ही तसं व्हायला भितो. अमेरिकेचं सैन्य आमच्या देशात येऊन बसलं होतं, तेव्हा त्यातल्या काहींनी परत जाऊन चटकदार पुस्तकं लिहिली. मग सिनेमे आले. तेव्हापासून सगळं उलटं झालं."

असं सांगता सांगता एके दिवशी तो म्हणाला, "ऑफिसात कुणाला माहीत नाही. माँट्रियललाही मी सांगत नसे. लोक हातातला काटा हवेत टोचून दाखवतात आणि विचारतात, आता कुणाचा गुडघा दुखतोय? तू पहिली, जिने पुढचं विचारलं." मग उत्साहाने म्हणाला, "तुमच्या नाटकाला मी येणार. माझ्याकडे ढोल आहे, तालमीला घेऊन येतो."

मेधा हो म्हणाली. नाही कसं म्हणणार? घरी जाताना ट्रेनमध्ये तिला नाटकातला व्हूडू बाबा आठवला. ज्याने आपली आई तिच्या हवाली केली होती, त्याच्यासमोर ती त्याच आईला कवट्यांची माळ घालून उभी करणार होती, तेही हशा आणि टाळ्या घ्यायला. कुणी तिला भारतातल्या गारुड्यांबद्दल विचारलं तर हीच बाई आठवडाभर धुमसायची.

शनिवारी ब्लॉकखालच्या हॉलमध्ये तालीम होती. विल्नेर पाचला येणार होता. त्याच्या आधी त्याच्यासाठी काहीतरी छान करून ठेवावं, असं मेधाला वाटलं. अपराधी माणूस फुलं नेतो, तिने रांगोळी घेतली. नेटवरच्या आकृत्यांतली लेग्बाची निवडली. लेग्बा म्हणजे दार उघडणारा, कुबडीवाला म्हातारा. विल्नेरने सांगितलं होतं, कुठल्याही पूजेत पहिला मान त्याचा, तो दार उघडेपर्यंत बाकीचं कुणी येऊ शकत नाही. मेधाला ते चटकन पटलं होतं. पहिल्या मानाचा देव तिच्या घरीही होताच, हे तिने त्याला सांगितलंही होतं. तिने आडवी-उभी रेघ ओढून चौरस्ता काढला, बाजूला कुबडी काढली. हात एकदाही अडला नाही.

विल्नेर लवकर आला. दारात ढोल खांद्यावर घेऊन उभा राहिला. आत सौमित्र तोंडाला काजळ फासून, गळ्यात प्लॅस्टिकची हाडं अडकवून, बाहुलीत विणायच्या सुया खुपसत नाचत होता. पोरं रांगोळीवरून धावत होती.

विल्नेरने सौमित्रकडे बघितलं, पण फार वेळ नाही. तसलं त्याने जन्मभर बघितलं होतं. तो रांगोळीजवळ उकिडवा बसला.

"ही कुणी काढली?"

"मी," मेधा म्हणाली. "विल्नेर, ते नाटक..."

"हात चांगला आहे. माझ्या आईपेक्षा सरळ रेघ आहे." तो वर बघत नव्हता. "याला बोलावलंस का?"

"म्हणजे?"

"ही नक्षी नाही, मेधा. हे बोलावणं आहे. पोरं तुडवताहेत त्याचं काही नाही, आमच्यातही नाचता नाचता पायांनीच पुसली जाते. पण बोलावलं तर त्याला जेवायला लागतं. काय वाढणार आहेस?"

देवाबिवावर मेधाचा फारसा विश्वास नव्हता. पण मूर्तीत प्राण आणायचे आणि नैवेद्य न दाखवता, निरोप न देता तिला तशीच सोडून निघून जायचं, हे तिने स्वप्नातही केलं नसतं. तिच्या घरी गणपती दीड दिवस असो की दहा, एका वेळेचा नैवेद्य चुकला नव्हता. आणि दुसऱ्याच्या दारातल्या म्हाताऱ्याला मात्र तिने सजावट म्हणून फरशीवर बसवलं होतं.

"तो काय खातो?"

"भाजलेलं कणीस. शेंगदाणे. काळी कॉफी."

मेधा खालच्या कॉफीशॉपमध्ये गेली. बिनदुधाची कोपी, म्हणजे इथली कॉफी, आणि खारे दाणे घेऊन आली. कणीस मिळालं नाही. विल्नेरने ते आकृतीच्या बाजूला ठेवलं, त्याच्या भाषेत हळू आवाजात काहीतरी म्हणाला, आणि बाटलीतलं पाणी जमिनीवर तीनदा थोडं थोडं सांडलं. मेधाचा हात आपसूक पुढे झाला. तिने ओंजळीत थोडं पाणी घेऊन ते कप आणि दाण्यांभोवती फिरवलं.

"हे काय?"

"सवय."

मघापासून आ वासून बघणारा सौमित्र जवळ आला. "आंटी, धिस वन रिअल, आ?"

विल्नेरने त्याच्याकडे बघितलं. "तू कोण आहेस?"

"व्हूडू बाबा," सौमित्र म्हणाला, आणि त्याने बाहुली पाठीमागे धरली.

"अच्छा. मग हा तुझा पाहुणा आहे. नमस्कार कर."

सौमित्रने काजळ लावलेल्या तोंडाने नमस्कार केला. मेधाने आकृती हाताने पुसली, झाडू लावला नाही. मग विल्नेरला सगळं सांगितलं. भगत कसा होता, का काढला, बाहेरचा का आणला. "हॉलमध्ये तुमचं कुणी नसेल म्हणून," ती म्हणाली. लपवायला काही उरलंच नव्हतं.

विल्नेरने ढोल पुन्हा खांद्यावर घेतला. "नाटक चांगलं असेल. मी येईन की नाही, सांगता येत नाही."

त्याच संध्याकाळी मेधाने निशिकांतला फोन केला. "भगत परत येतोय."

"ताई, कार्यक्रमपत्रिका छापून झाली. 'व्हूडू बाबाची फजिती.' आणि ठरलं होतं आपलं."

"ठरलं ते चूक ठरलं. पत्रिका तशीच राहू दे. बाबा साताऱ्याचा असेल."

"मग सौमित्र काम करणार नाही."

"बरं. क्षितिजला सांगते. त्याला सगळे संवाद पाठ आहेत."

निशिकांतचे आईवडील नातवाचं काम बघायला खास पुण्याहून आले होते. "तुम्ही फार आडमुठ्या आहात," तो शेवटी म्हणाला. "पुढच्या वर्षी नाटक दुसऱ्या कुणाला तरी देऊ."

"द्या."

नाटक झालं. सौमित्रने घोंगडी पांघरली होती, कपाळभर मळवट होता, तोंडाला काजळ नव्हतं. त्याने लिंबू कापलं, बिब्बा उडवला, काळी बाहुली काढून तिच्यात टाचण्या टोचल्या आणि म्हणाला, "पाटील, तुमच्या म्हशीचं दूध मीच आटवलंय. पैसे द्या, सोडवतो." पोरं खिदळली. दोन कुटुंबं उठून गेली. निशिकांतची आई मात्र पदर तोंडाला लावून हसत होती आणि शेजारणीला सांगत होती, "अगदी अस्साच यायचा हो आमच्या गावात."

मेधाने विंगेतून हॉल धुंडाळला. पुढच्या रांगांत नाही, मधल्याही नाही. मग दाराजवळ उभा असलेला विल्नेर दिसला. खुर्च्या रिकाम्या असूनही तो बसला नव्हता. ढोल आणला नव्हता. नजर सौमित्रच्या हातातल्या बाहुलीवर खिळली होती.

पडदा पडल्यावर ती त्याच्याकडे गेली.

"ती बाहुली," तो म्हणाला. "टाचण्यांची. ती खरंच तुमच्याकडची आहे?"

"आमचीच. अस्सल."

"जन्मभर मी तिचा हिशेब देत आलोय." तो हसला, पण थोडंच. शनिवारचं सगळं काही पुसलं गेलं नव्हतं, आणि पुसलं जावं अशी मेधाचीही अपेक्षा नव्हती. आत आरतीच्या टाळ्या सुरू झाल्या. विल्नेरने मान लांब करून मखराकडे बघितलं.

"हा तुमचा. पहिल्या मानाचा म्हणालीस तो?"

"हो."

"आणि हा काय खातो?"

मेधाने मोदकांचं ताट आणायला सौमित्रला हाक मारली.