झबल्याचा बुरूज

गाईडसाहेबांनी बायकोला किनाऱ्याची अर्ध्या दिवसाची सहल घडवली, ती निवृत्त झाल्यावर. नोकरीभर ते रोज सकाळी एक आणि दुपारी एक बस भरून परक्या माणसांना तोच किनारा दाखवत हिंडले. पण बायकोने "मलाही न्या की एकदा" म्हटलं की "मी तिथे कामाला जातो, हवा खायला नाही," हे उत्तर ठरलेलं. जगाशी गोड आणि घरात कडू असलेल्या माणसाला लोक मनमिळाऊ म्हणतात. गाईडसाहेब फार मनमिळाऊ होते.

आता मात्र त्यांनाच घाई झाली होती. जुन्या बंदराच्या वरच्या अंगाला त्यांनी दोन खोल्या बघून ठेवल्या होत्या. शहरातली जागा सोडायची आणि उरलेलं आयुष्य समुद्रासमोर काढायचं, असा त्यांचा बेत. अडचण एकच, बायकोचं दुकान. दुकान म्हणजे तरी काय, जिन्याखालची चिंचोळी खोली. एक शिलाई मशीन, एक इस्त्री, कपडे घालून बघायला पडदा लावलेला कोपरा आणि बाहेर ‘अल्टर करून मिळेल’ अशी पाटी. पॅन्टचे पाय आखूड करायचे, चेन बदलायच्या, अंगाने सुटलेल्या गिऱ्हाइकांचे कोट सैल करून द्यायचे आणि वर "कापड आटलंय हो, तुम्ही आहात तसेच आहात," असं त्यांचं समाधान करायचं. दुकानाचा करार संपत आला होता. मालकाला सोमवारी वाढवायचा की नाही ते सांगायचं होतं.

"आधी तो किनारा दाखवा," बाई म्हणाल्या. "मग सांगते."

मनातून त्यांचं किनाऱ्याला जायला ‘हो’च होतं. डोळे थकले होते, काळ्या कापडावर काळा दोरा दिसेनासा झाला होता. आणि दुसरंही एक होतं. गाईडसाहेब घरी आले की मूग गिळून बसत. दिवसभर बोलून घसा बसलाय म्हणत. निवृत्त झाल्यावर घसा सुटला, तरी घरात तोंड उघडेना. समुद्रापाशी कदाचित हा माणूस आपल्याशी चार शब्द बोलेल, अशी बाईंना वेडी आशा होती. या वयातही माणूस आशा धरतो, त्याला काय करणार.

कंपनीने जुन्या माणसाचा मान म्हणून पुढच्या दोन सीट दिल्या. बसमध्ये गाईड म्हणून जी मुलगी होती ती साहेबांच्याच हाताखाली तयार झालेली. डोक्यावर टोपी, हातात माईक, आवाज खणखणीत. "आज माझे गुरू आपल्या बसमध्ये आहेत!" तिने जाहीर केलं. टाळ्या झाल्या. साहेबांनी उभं राहून, मागे वळून, सगळ्या बसला नमस्कार केला. बाईंना त्यांनी उभं केलं नाही.

पहिला थांबा बंदराचा. जुनी गोदामं, गंजलेला नांगर, आणि धक्क्यावर एक तोफ. "या तोफेचा आवाज तीन गावांना ऐकू जायचा," नवी गाईड म्हणाली. "पण आमच्या सरांच्या घरी एक टाचणी आहे, तिचा पाच गावांना जातो!" बस खदखदून हसली. मग ती बाईंकडे बघून म्हणाली, "सॉरी हं काकू, सरांनी असंच शिकवलंय." ही टाचणी कोण ते सगळ्यांना कळलं, आणि माना वळल्या. बाईही हसल्या. न हसून करतात काय, न हसलं की टाचणी खरीच ठरते.

दीपगृहापाशी टाचणीच्या चिकटपणावर एक विनोद झाला, जुन्या जकातघरापाशी तिच्या घोरण्यावर. बाई जन्मात घोरल्या नव्हत्या. गाईडसाहेबांचे ओठ मुलीच्या शब्दांबरोबर हलत होते. हशा आला की ते बाईंना कोपराने ढोसत. "बघ, एक शब्द इकडचा तिकडे नाही. मी घासूनपुसून घेतलंय. दर थांब्याला एक हसू आणि शेवटच्या थांब्याला आसू. हसवून सोडलेले पॅसेंजर विसरतात, रडवून सोडलेले पुढच्या वर्षी पाहुण्यांना घेऊन येतात."

"मी कधी घोरले हो?"

"अगं, बोलायचं असतं तसं. तू पण ना."

बाईंनी गिळलं. आयुष्यभर याहून मोठे घास गिळले होते. शिवाय वळणावर साहेबांनी बोट दाखवलं तिकडे त्या दोन खोल्या दिसल्या. एक रुंद खिडकी, खाली सगळा समुद्र. त्या खिडकीखाली मशीन छान बसेल, बाईंच्या मनात आलं. येणाऱ्याजाणाऱ्याचं काहीबाही शिवून देऊ. सोमवारी मालकाला ‘नाही’ सांगायचं, इथवर त्या आल्या होत्या.

शेवटचा थांबा किल्ल्याचा बुरूज. दगडी पायऱ्या चढून सगळे वर गेले. वर एक पाटी होती, नीट रंगवलेली, ‘झबल्याचा बुरूज’. नव्या गाईडने माईक बाजूला ठेवला आणि आवाज खाली आणला, तशी माणसं आपोआप तिच्याभोवती गोळा झाली.

"इथल्या किल्लेदाराची एकुलती एक मुलगी," ती म्हणाली, "तीन वर्षांची असताना तापाने गेली. किल्लेदाराने हुकूम काढला की किल्ल्यात तिचं नाव कोणी घ्यायचं नाही. आई काय करणार? तिने मुलीचं एक पिवळं झबलं लपवून ठेवलं. दरवर्षी मुलीच्या वाढदिवसाला ती या बुरुजावर यायची, ते झबलं उसवायची, त्याला नवी पट्टी जोडायची आणि एका मापाने मोठं करून शिवायची. मुलगी असती तर आज तिला झालं असतं, तेवढं. अशी वर्षामागून वर्षं ते झबलं वाढत गेलं."

घसा दाटला, तिने क्षणभर समुद्राकडे बघितलं. बायका डोळे पुसू लागल्या.

बाईंनी कठडा धरला.

झबलं नव्हतं ते, फ्रॉक होता. पिवळाच. त्यांची मुलगी तापात गेली त्याच्या आठवडाभर आधी शिवलेला. मुलगी गेली आणि गाईडसाहेबांनी सांगितलं, "झालं ते झालं. या घरात तो विषय पुन्हा नको." फोटो माळ्यावर गेले. बाईंनी फ्रॉक दुकानात नेला. दरवर्षी तिच्या वाढदिवसाला शटर अर्धं ओढायचं, पडद्यामागे बसायचं, शिवण सोडायची आणि मुलगी वाढवायची. त्या एकट्याच वाढवत होत्या. एकदाच साहेब छत्री द्यायला म्हणून अवचित आले होते. मांडीवरचा फ्रॉक त्यांनी बघितला, जोडलेल्या पट्ट्या बघितल्या, सगळं समजले. "चल, जेवायला उशीर होतोय," एवढंच म्हणाले. त्या रात्री बाईंना त्या न बोलण्यातही माया वाटली होती. मूर्ख बाई.

शेजारी एक गोरीगोमटी पॅसेंजर नाक ओढत उभी होती. बाईंचे कोरडे डोळे बघून ती म्हणाली, "तुम्हाला मूलबाळ नाही वाटतं? असल्याशिवाय नाही कळायचं हे."

बाईंनी मान हलवली. होकाराची की नकाराची, त्यांनाही ठाऊक नाही.

सगळे खाली उतरून बुरुजाच्या पायथ्याशी दुकानांत शिरले. बाई तशाच बसमध्ये येऊन पुढच्या सीटवर बसल्या. थोड्या वेळाने गाईडसाहेब आले, चेहरा फुललेला. "बघितलंस? दरवेळी रडतात. आधी हा नुसता बुरूज होता, कोणी चढायचं नाही. गोष्ट मी आणली. मग पाटी लागली, पत्रकात छापून आलं."

"केव्हापासून सांगताय?"

"तुझ्या दुकानात बघितलं ना, दुसऱ्या दिवसापासूनच. त्या काळी फ्रॉक कुठला असायला, म्हणून झबलं केलं. रोज दोनदा सांगायचो, एकदाही वाया गेली नाही."

"सांगताना तुम्हाला रडू यायचं?"

"गाईडने रडून कसं चालेल? ‘वाढत गेलं’पाशी आवाज जरा दाटून आणायचा, मग समुद्राकडे बघायचं. तिलाही तेच शिकवलंय. चांगलं करते, नाही?"

"घरात मला कधी तिचं नाव काढू दिलं नाहीत."

साहेबांना बोलण्याचा रोखच कळला नाही. "घरात काढून काय उपयोग होता गं?" ते म्हणाले, आणि खिशातून एक कागदी पुडी काढून त्यांनी बाईंच्या हातावर ठेवली. आत किल्ल्या अडकवायची कडी होती आणि तिला बोटभर पिवळं झबलं लटकत होतं. खालच्या दुकानात टोपलीभर होती म्हणे, गोष्ट ऐकून उतरलेले पॅसेंजर हमखास घेतात. शिवण जेमतेम दोन टाक्यांची, दोरा लोंबणारा. "आठवण," साहेब म्हणाले. "खोल्यांची किल्ली यालाच लावू. मग, काय ठरलं? सोमवारी काय सांगायचं मालकाला?"

बाईंनी ती कडी पुन्हा पुडीत घातली, पुडीची घडी घातली आणि त्यांच्या शर्टाच्या खिशात ठेवली.

"करार वाढवून घेणार म्हणून सांगायचं."

"आणि इथल्या खोल्या?"

"तुम्ही घ्या की. खुशाल राहा." बाईंचा आवाज चढला होता, आणि त्यांनी तो उतरवला नाही. "तुमची मुलगी इथे आहे, पाटी लावलेली. रोज दोनदा बघायला मिळेल. माझी दुकानात आहे. मी तिला सोडून कुठेही येणार नाही."

एकेक पॅसेंजर बसमध्ये चढत होता. रडून डोळे लाल झालेले, हातात पिवळ्या पुड्या. या दोघांकडे बघून ते दारातच घुटमळू लागले. गाईडसाहेबांनी बायकोकडे बघितलं, पॅसेंजरांकडे बघितलं, आणि त्यांच्या चेहऱ्यावर नेहमीचं मनमिळाऊ हसू आलं.

"हळू बोल," ते दातांतल्या दातांत म्हणाले. "पॅसेंजर बघतायत."