ठिपक्यांची पाऊलवाट

राजधानीच्या दप्तरखान्यात ती जुने नकाशे दुरुस्त करायची. फाटलेल्या घड्यांना मागून पातळ कागद लावायचा, खळ वाळेपर्यंत थांबायचं. यातच तिची हयात गेली होती.

घरी मात्र तिच्या नाकी नऊ आले होते. आई विसरायला लागली होती आणि डोळा चुकवून बाहेर पडायची. दर वेळी सापडायची एकाच ठिकाणी, उड्डाणपुलाखालच्या टायरच्या दुकानासमोर.

"दाराला कुलूप लाव," धाकटा भाऊ म्हणाला. "एक दिवस गाडीखाली येईल."

तिला पटत होतं, पण हात धजत नव्हता.

एका सोमवारी दुरुस्तीला शहराचे चार नकाशे आले, वीस-वीस वर्षांच्या अंतराचे. सगळ्यात नव्यात उड्डाणपूल होता. तिने सहज तीच जागा मागच्यांत शोधली. पुलाआधी तिथे नुसता चौक. त्याआधी गोदामं. आणि सगळ्यात जुन्यात शहर त्यांच्या घराजवळच्या रेल्वे फाटकापाशीच संपलेलं. पलीकडे एक विहीर, भाजीमळा, आणि फाटकापासून तिथवर तिरपी गेलेली ठिपक्यांची पाऊलवाट.

आई लहानपणीच्या, तिच्या वडिलांच्या, आप्पांच्या मळ्याबद्दल बोलायची. तो कुठल्याशा खेड्यात असेल, असं सगळे धरून चालले होते. विचारलं कुणीच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी तिने रजा टाकली. आईने चपला घातल्या तशी तीही मागोमाग निघाली. बँकेच्या आवारातून, शाळेच्या मागून आई तिरपीच चालत राहिली. दुकानापाशी तिने लेकीचा दंड धरला.

"जपून गं. विहिरीला कठडा नाही."

"पाणी आहे का?"

"भरपूर. आप्पा काढतायत ना."

दुकानदाराने स्टूल पुढे सरकवलं. ते त्याने आजींसाठीच ठेवलं होतं.

संध्याकाळी तिने भावापुढे नकाशाची नक्कल पसरली. तो बराच वेळ ठिपक्यांवरून बोट फिरवत राहिला.

"माहेरी जात होती ही," तो म्हणाला, "आणि आपण शोधत फिरत होतो."

कुलूप काही आणलं नाही. आता मंगळवारी ती आईला घेऊन जाते, रविवारी भाऊ. रविवारी वांगी जास्त निघतात, असं आई सांगते. भाऊ पिशवी उघडून धरतो.