विहीर लिव्हा

पोकलेन मशीन काठाशी येऊन घरघरत थांबलं, तेव्हा छबुबाई विहिरीत पाय सोडून बसली होती. सहा परस खोल विहीर, ऐन उन्हाळ्यातही तळाला पाणी. नवरा शहादेव आणि ती, दोघांनी मिळून खणलेली. सुरुंग लावण्यापुरता तेवढा बाहेरचा माणूस आणला होता. आणि सरकारी कागदावर ही विहीर नव्हतीच!

झालं होतं असं. दिवाळी उरकली की दोघं नवरा-बायको मुकादमाच्या ट्रकमध्ये बसून ऊस तोडायला जायची. विहिरीला कठडा नाही, माघारी कुणाचं वासरू, कुणाचं लेकरू पडायला नको, म्हणून जाताना मोटार काढून घरात ठेवायची आणि विहिरीवर आडवी लाकडं टाकून बाभळीच्या काट्यांनी तोंड झाकायचं. ऊसतोडीला जाणारी सगळीच असं करतात. नेमके त्याच दिवसांत नव्या रस्त्यासाठी जमीन घ्यायची म्हणून मोजणीवाले आले आणि नोटीस कुलूपबंद दाराला डकवून गेले. रानात त्यांना दिसला काट्यांचा ढीग. तो उचलून खाली बघायची तसदी कोण घेतो? लिहून मोकळे झाले, पडीक जमीन, झुडपं. मग भावही पडीकाचाच लागला. शहादेवनं अर्ज केले, तर उलट त्यालाच विचारलं, मोजणीला हजर का नव्हतास?

आज जमिनीचा ताबा घ्यायला तहसीलचे साहेब आले होते. सोबत अर्जुनराव. गावचे पुढारी, असल्या कामाला त्यांना बोलवावं लागत नाही.

"वैनी, उठा बरं," अर्जुनराव गोड आवाजात म्हणाले. "सरकारशी वाकडं घेऊन कुणाचं भलं झालंय? मिळतंय ते पदरात पाडून घ्या."

"अण्णा, तुमच्या माळावर कुसळ उगवत न्हाई. तिथं मोसंबीची बाग कशी काय मोजली हो? आमाला बी सांगा की, आमी बी लावतो."

मशीनवरचा ड्रायव्हर फिसकन हसला. अर्जुनरावांनी घाईनं मोबाईल कानाला लावला. तो वाजला मात्र नव्हता.

"अगं, लई बोलू नगं," शहादेव मागून पुटपुटला. माणूस सज्जन, पण साहेब दिसला की याची टोपी हातात यायची. छबुबाईला त्याचा राग आला आणि कीवही आली. मुकादमापुढं मान खाली घालून दोघांचा जन्म गेला होता. आता बास, असं तिला अगदी आतून वाटलं.

साहेबांनी घड्याळ पाहिलं. "बाई, बाजूला व्हा. मुरमाचा टिपर खोळंबलाय. आजच विहीर बुजवायची आहे."

छबुबाईनं सावकाश मान वळवली. "काय बुजवायचंय?"

"विहीर."

"कंची विहीर? तुमच्या कागदावर हितं काटे हायेत. मग बुजवता काय?"

साहेबांनी फायलीतला कागद काढून पाहिला. मग चिडले. "पोलीस बोलवू का?"

"बोलवा की. त्यांना बी इचारते, हे काय दिसतंय म्हून."

"साहेब, बाई काठावर बसल्यात तवर मी मशीन हलवत न्हाई," वरून ड्रायव्हर बोलला. "उद्या मलाच फाशी लागायची."

साहेबांनी घाम पुसला. "बरं बाई. ताब्याच्या पंचनाम्यात नोंद घेतो. जागेवर एक खड्डा आढळला, असं लिहितो."

"खड्डा? उतरा मग खड्ड्यात."

साहेबांनी वाकून आत पाहिलं आणि दोन पावलं मागं सरले. तेवढ्यात शहादेव पुढं आला, बायकोशेजारी काठावर बसला आणि त्यानंही पाय आत सोडले. टोपी डोक्यावरच होती. छबुबाईला इतकं बरं वाटलं, की तिनं त्याच्याकडं बघितलंसुद्धा नाही.

"विहीर लिव्हा, साहेब," तो म्हणाला.

साहेबांनी लिहिलं. छबुबाईनं कागद हातात घेतला. चौथी शिकलेली बाई, एकेक अक्षर लावत तिनं वाचलं.

"आन पाणी?"

"पाणी कशाला लिहायचं?"

"पाण्याबिगर विहीर म्हंजी पुन्हा तुमचा खड्डाच. पाणी लिव्हा. आतून बांधकाम दगडाचं, ते बी लिव्हा."

साहेबांनी निमूट लिहिलं. अर्जुनराव एव्हाना गाडीत जाऊन बसले होते. छबुबाईनं पेन घेतलं आणि सहीच्या वर ठळक अक्षरांत आपल्या हातानं लिहिलं, 'भाव मान्य नाही.' मग सही केली.

"झालं ना तुमच्या मनासारखं?" साहेब म्हणाले. "आता उठा."

"ह्याची झेरॉक्स द्या."

"अहो, झेरॉक्स इथं कुठून आणू? त्याला लिंबागणेशला जावं लागेल."

"मग जावा की," छबुबाई म्हणाली. "आमी कुटं चाललोय? हायेत हितंच."